पडद्यापासून पडद्यापर्यंत : पटकथाकार बाबूराव पेंटर

मराठी वाङ्मयाच्या अभ्यासक्रमात बाबूराव पेंटर हे नाव सहसा येत नाही. चित्रपटाच्या इतिहासात ते येते. परंतु तेथेही त्यांची ओळख बहुधा कारागीर म्हणूनच करून दिली जाते. कोल्हापुरात कॅमेरा तयार करणारे, नाटकांचे पडदे रंगविणारे, शांताराम, दामले आणि फत्तेलाल यांचे गुरू. ही ओळख खोटी नाही, अपुरी आहे. १९२० ते १९२५ या अवघ्या पाच-सहा वर्षांत या माणसाने असे तीन मूकपट काढले, की ज्यांच्या पाठीशी मराठी साहित्याचे तीन निरनिराळे प्रवाह उभे होते. 'सैरंध्री'मागे कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे नाटक, 'सिंहगड'मागे हरिभाऊ आपट्यांची ऐतिहासिक कादंबरी आणि 'सावकारी पाश'मागे नारायण हरि आपटे यांची सामाजिक कथा. पुराणापासून इतिहासाकडे आणि इतिहासापासून भोवतालच्या जगण्याकडे येण्याचा जो प्रवास मराठी लेखनाने काही दशकांत केला, तो बाबूरावांच्या पडद्यावर पाच वर्षांत उरकला. शिवाय आपल्या चित्रपटांच्या संहिता ते स्वतःच रचत असत. तेव्हा त्यांच्याकडे केवळ कलावंत-कारागीर म्हणून न पाहता लेखक म्हणूनही पाहता येईल काय, असा प्रश्न आम्हांला येथे विचारावयाचा आहे.

प्रश्न विचारणे सोपे. उत्तराच्या वाटेत एक मोठी दरी आहे. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले असे मानले जाते. त्यांपैकी आज हाताशी आहेत ते थोडे, आणि त्यांतलेही बरेच तुकड्यांच्या रूपात. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती पेट घेई, नाही तर कुजून जाई. यंत्राला बोलता येऊ लागल्यावर मुक्या चित्रपटांना बाजारात किंमत उरली नाही, आणि ज्याला किंमत नाही ते आपण जपून ठेवीत नाही. मूक 'सावकारी पाश' आज कोणालाही पाहता येत नाही. 'कीचकवध' मात्र कोणत्याही बऱ्या ग्रंथालयात मिळते, 'गड आला पण सिंह गेला'च्या आवृत्त्या अजूनही निघतात. माध्यमांतराचा अभ्यास करताना आपण मूळ कृती आणि तिचे रूपांतर अशा दोन्ही गोष्टी समोर ठेवून बसतो. येथे एकच गोष्ट समोर आहे. दुसरीची माहिती मिळते ती आठवणींतून, जाहिरातींतून, थोड्याशा छायाचित्रांतून. त्यामुळे पुढील विवेचनात काही ठिकाणी आम्ही अनुमान करीत आहोत, हे वाचकांनी लक्षात घ्यावे.

बाबूराव कृष्णराव मेस्त्री यांचा जन्म ३ जून १८९० रोजी कोल्हापुरात झाला. चित्रकलेचे शिक्षण त्यांनी कोणत्याही कलाशाळेत घेतले नाही. चित्र, शिल्प आणि हातकाम ही घरातली विद्या. चुलतबंधू आनंदराव आणि बाबूराव या जोडीने विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात संगीत नाटक मंडळ्यांसाठी पडदे रंगविले आणि त्यात मोठे नाव कमावले. केशवराव भोसल्यांच्या 'ललितकलादर्श'साठी त्यांनी केलेले काम विशेष गाजले. 'पेंटर' हे त्या धंद्याने दिलेले नाव पुढे आडनाव होऊन बसले.

पडदा रंगविणाऱ्याकडे साहित्याच्या अभ्यासकाने जरा थांबून पाहिले पाहिजे. संगीत नाटकाचा पडदा ही निव्वळ शोभा नसते. राजवाडा, अरण्य, रस्ता, नदीकाठ अशा पाच-सहा चित्रांत सबंध नाटक बसवावे लागते. म्हणजे पेंटरने संहिता वाचली पाहिजे. कोणता प्रवेश कोठे घडतो, कोणत्या दोन प्रवेशांना एकच पडदा पुरेल, कोठे पात्रांना मागे सरकायला जागा हवी, हे त्याने ठरवले पाहिजे. शब्दांत सांगितलेली गोष्ट स्थळांमध्ये तोडून पाहण्याची ही सवय होय. मूकपटाची संहिता म्हणजे तरी दुसरे काय असते? पुढे बाबूराव चित्रीकरणापूर्वी पात्रांचे पोशाख, हालचाली, चेहरेपट्टी यांची रेखाटने करून ठेवीत, अशी नोंद आहे. त्यांची पटकथा अर्धी कागदावरच्या अक्षरांत आणि अर्धी रेषांत होती असे म्हटले तर ते वावगे ठरू नये.

दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ मध्ये आला. तो पाहून या दोघा भावांनी चित्रपटाचा ध्यास घेतला. मुंबईच्या जुन्या बाजारातून प्रक्षेपणयंत्र आणून त्यांनी आधी चित्रपट दाखविण्याचा उद्योग केला, आणि मग कॅमेरा बनविण्याचा घाट घातला. काम अर्ध्यावर असताना १९१६ मध्ये आनंदराव गेले. बाबूरावांनी विष्णुपंत दामल्यांच्या साहाय्याने ते १९१८ मध्ये पुरे केले. कॅमेरा बनविणे म्हणजे भिंग बसवून पेटी तयार करणे नव्हे. फिल्म एका चौकटीपुरती पुढे सरकली पाहिजे, क्षणभर स्थिर उभी राहिली पाहिजे, तेवढ्यात झडप उघडून मिटली पाहिजे, आणि हे सेकंदाला सोळा-एक वेळा, हाताने दांडा फिरवून, चूक न होता घडले पाहिजे. दात्याच्या चाकात केसाइतका फरक पडला तरी पडद्यावर चित्र थरथरते. कोल्हापुरात हे घडले याचे आपल्याला इतके कौतुक आहे की त्या कॅमेऱ्याने काय सांगितले हे विचारण्याचे राहून जाते.

'महाराष्ट्र फिल्म कंपनी' उभी राहिली ती तानीबाई कागलकर यांनी दिलेल्या पैशावर. एका स्त्रीच्या पैशावर उभ्या राहिलेल्या या कंपनीचा पहिला संकल्प मात्र स्त्रियांवाचूनच अडला. 'सीतास्वयंवर' काढायचे ठरले होते. परंतु काम करायला कोणी स्त्री मिळेना, म्हणून तो बेत सोडून द्यावा लागला. मग 'सैरंध्री' घेतला. त्यात गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी कामे केली. पडद्यावर त्या कमलादेवी आणि सुशीलादेवी झाल्या. चित्रपटात प्रथम स्त्रिया आणण्याचा मान बाबूरावांना दिला जातो तो मात्र बरोबर नाही. फाळक्यांच्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले या मायलेकी १९१३ मध्येच आल्या होत्या. बाबूरावांच्या कंपनीतील स्त्रियांना समाजाने दूर लोटले आणि त्यांना कंपनीच्या आवारातच राहावे लागले, ही हकीकत त्या मानापेक्षा अधिक बोलकी आहे.

'सैरंध्री' ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन चित्रपटगृहात दाखविला गेला. आता या तारखेकडे नाटकाच्या बाजूने पाहू. खाडिलकरांचे 'कीचकवध' १९०७ मध्ये रंगभूमीवर आले. महाभारतातील विराटपर्वाची कथा : अज्ञातवासातील द्रौपदी सैरंध्री होऊन राहते, कीचक तिच्यावर हात टाकू पाहतो, भीम त्याला मारतो. परंतु प्रेक्षकांना कीचकात लॉर्ड कर्झन दिसला, द्रौपदीत पराधीन देश दिसला, धीर धरा म्हणणाऱ्या युधिष्ठिरात मवाळ दिसले आणि भीमात जहाल. सरकारलाही हेच दिसले आणि १९१० मध्ये नाटकावर बंदी आली. त्यानंतर दहा वर्षांनी तीच द्रौपदी, तोच कीचक आणि तोच भीम पुण्यात पडद्यावर उभे राहिले. प्रेक्षागृहात ते नाटक आठवणारे लोक बसलेले असणार. 'केसरी'चे पुणे आणि खाडिलकर 'केसरी'तले. हा चित्रपट पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. पुढे सहा महिन्यांच्या आत, १ ऑगस्ट १९२० रोजी, टिळक गेले. पदव्यांची खैरात आपल्याकडे काही कमी झालेली नाही. पण आपल्या वृत्तपत्राचे नाव टिळकांनी एका चित्रपटकाराला द्यावे, आणि तेही या कथेवरच्या चित्रपटासाठी, यात आम्हांला निव्वळ कौतुकापेक्षा अधिक काही दिसते.

मूकपटाने 'कीचकवधा'तून काय घेतले आणि काय टाकले? खाडिलकरांच्या नाटकाचा प्राण संवादांत आहे. कीचकाची उद्दाम भाषा, सबुरीचा सल्ला, त्यावरची भीमाची चीड असा सगळा वादविवाद शब्दांत चालतो. नाटक राजद्रोही ठरले ते या शब्दांमुळे, कारण रूपकाचा धागा प्रेक्षकाच्या हाती शब्दच देत होते. मूकपटात हा वाद ठेवणे शक्य नव्हते. पडद्यावर मधूनमधून अक्षरांच्या पाट्या येत, पण त्यांत दोन-चार ओळींपलीकडे मजकूर मावत नसे. म्हणजे मवाळ-जहाल वाद गळून पडला आणि मागे उरले शरीर : भेदरलेली सैरंध्री, माजलेला कीचक आणि भीमाचे हात. झुंजारराव पवारांचा कीचक आणि बाळासाहेब यादवांचा भीम यांच्यातला वधाचा प्रसंग इतका खराखुरा वठला होता की प्रेक्षक हादरले आणि त्या प्रसंगावर सेन्सॉरची कात्री चालली असे सांगितले जाते. चित्रपट कायदा १९१८ चा. त्यानुसार सेन्सॉरची मंडळे १९२० मध्ये सुरू झाली. म्हणजे यंत्रणा नवी होती आणि तिला पडलेला प्रश्नही नवा होता. नाटकाच्या बाबतीत सरकारला शब्दांमागचा अर्थ नको होता. चित्रपटाच्या बाबतीत दृश्यच नको झाले. रूपक शोधण्याची गरजच उरली नव्हती. शब्द काढून घेतल्याने ही कथा सौम्य झाली नाही, उलट अंगावर आली, असे आमचे अनुमान आहे.

याच सुमारास बाबूरावांनी आणखी एक गोष्ट केली आणि ती करणारा स्वतः पडदे रंगविणारा होता म्हणून तिचे महत्त्व अधिक. त्यांनी चित्रपटातून रंगविलेले पडदे हद्दपार केले. खांब, भिंती, दारे, पायऱ्या असे प्रत्यक्ष, भरीव नेपथ्य त्यांनी उभे केले. पात्र आता चित्रासमोर उभे राहत नव्हते, घरात वावरत होते. ज्या विद्येने नाव दिले तिचाच या माध्यमात उपयोग नाही हे ओळखणे सोपे नसते. त्यांचे रंगकाम मग जाहिरातीच्या चित्रांकडे वळले. आपल्या चित्रपटांची भित्तिपत्रके ते स्वतः रंगवीत. १९२१-२२ च्या सुमारास चित्रपटाची माहितीपुस्तिका छापून प्रेक्षकांच्या हाती देण्याची पद्धतही त्यांनी सुरू केली. तीत कथेचा सारांश आणि छायाचित्रे असत. या पुस्तिकांकडे आपल्या वाङ्मयेतिहासाने ढुंकूनही पाहिलेले नाही. मूकपटांच्या संहिता सहसा उरलेल्या नाहीत. जी कथा आज आपल्याला वाचायला मिळते ती अशा कागदांवर.

'सिंहगड' १९२३ चा. हरिभाऊ १९१९ मध्ये निवर्तले होते. 'गड आला पण सिंह गेला' ही त्यांची कादंबरी लहानथोर सर्वांच्या वाचनातली. तिच्यात तानाजीच्या मोहिमेसोबत कमलकुमारी आणि उदयभानू यांचे कथानक आहे. कादंबरीकाराला असा दुसरा धागा लागतो, कारण एका रात्रीच्या लढाईवर सबंध कादंबरी उभी राहत नाही. चित्रपटकाराची निकड उलटी होती. त्याला ती रात्रच हवी होती. परंतु त्या काळी चित्रीकरण सूर्यप्रकाशावर चाले आणि कादंबरीतील कळसाचा प्रसंग अंधारातला, कड्यावर चढण्याचा. या चित्रपटात बाबूरावांनी कृत्रिम प्रकाश वापरला, आणि भारतीय चित्रपटातील त्याचे पहिले उदाहरण म्हणून तो सांगितला जातो. तंत्राच्या इतिहासात ही नोंद 'नवे साधन' म्हणून होते. आम्हांला ती वाचनाची खूण वाटते : हरिभाऊंच्या कादंबरीत अंधार किती महत्त्वाचा आहे हे ओळखणाऱ्या वाचकाची. शिवाजीमहाराजांची भूमिका बाबूरावांनी स्वतः केली, तानाजी बाळासाहेब यादवांचा, आणि शेलारमामा झाला होता कंपनीतला एक तरुण, शांताराम वणकुद्रे.

'सिंहगड'ला इतकी गर्दी लोटली की ती पाहूनच सरकारला करमणूक कराची कल्पना सुचली, अशी एक आख्यायिका आहे. मुंबई इलाख्याचा करमणूक कराचा कायदा १९२३ चाच आहे, त्यामुळे ती खरी वाटते. परंतु बंगालमध्ये असा कर आदल्याच वर्षी आला होता, आणि महायुद्धानंतर तिजोरी भरण्याची घाई सर्वच प्रांतांना झाली होती. चांगली गोष्ट म्हणून आख्यायिका राहू द्यावी. कार्यकारण म्हणून नको.

दरम्यान कंपनीने पौराणिक चित्रपटही काढले. १९२१ च्या 'सुरेखाहरण'मध्ये शांताराम प्रथम पडद्यावर आले, श्रीकृष्ण होऊन. १९२४ मध्ये 'कल्याण खजिना' आणि 'सती पद्मिनी' झाले. त्यांचा तपशील येथे नको. आम्हांला घाई आहे ती १९२५ च्या 'सावकारी पाश'कडे जाण्याची.

शेतकरी आणि सावकार हा विषय तेव्हा नवा नव्हता. १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांची घरे-दुकाने गाठून कर्जरोखे जाळले आणि तो वणवा गावोगाव पसरला. १८७९ मध्ये सरकारने दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. १८८३ मध्ये जोतीराव फुल्यांनी 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला. म्हणजे बंड, कायदा आणि निबंध या तिन्ही रूपांत हा विषय मराठी मुलखाला ठाऊक होता. पडद्यावर मात्र तोवर देव, ऋषी, राजे आणि मावळे यांचीच वस्ती होती. नारायण हरि आपटे यांच्या कथेवरून बाबूरावांनी जो चित्रपट रचला त्यात एक साधा शेतकरी सावकाराच्या कपटी कागदपत्रांपायी जमिनीला मुकतो आणि शहरात येऊन गिरणीत मजूर होतो. तो शेतकरी शांतारामांनी केला, सावकार झुंजारराव पवारांनी. कालचा कीचक आज चोपडी घेऊन बसला होता.

सावकाराचे हत्यार आहे कागद. खतावर काय लिहिले आहे हे अंगठा उठविणाऱ्याला वाचता येत नाही. ही गोष्ट मूकपटात सांगायची, म्हणजे ज्या पडद्यावर अक्षरांच्या पाट्या येतात आणि ज्यांच्यासमोर त्या येतात त्यांच्यातील बहुतेकांना त्या वाचता येत नाहीत अशा ठिकाणी सांगायची. १९२१ च्या जनगणनेत देशातील साक्षरता शंभरात सात-एक होती. मूकपटाच्या खेळात पाटी आली की वाचता येणारा प्रेक्षक ती मोठ्याने वाची आणि शेजारचे ऐकत. तेवढ्यापुरते ते त्याच्यावर विसंबून असत. 'सावकारी पाश'मधला शेतकरी आणि त्याला पाहणारा प्रेक्षक एकाच अवस्थेत होते : समोर अक्षर आहे, ते आपल्याविषयी आहे, आणि त्यातले काय खरे हे दुसऱ्याने सांगावे लागते. नाटकाला हा परिणाम साधता आला नसता, कारण नाटकात सगळे बोलले जाते. कादंबरीला तर नाहीच, कारण कादंबरीचा वाचक मुळातच वाचणारा असतो. बाबूरावांनी हे जाणून केले असे म्हणण्याचा आमच्यापाशी पुरावा नाही. माध्यमाच्या मुकेपणातून आणि काळाच्या निरक्षरतेतून ते आपोआप घडत असणार. पण विषयाची निवड त्यांची होती.

शेतकऱ्याच्या अंधाऱ्या झोपडीचे आणि बाहेर ओरडणाऱ्या कुत्र्याचे दृश्य पुढे अनेक वर्षे पाहणाऱ्यांच्या स्मरणात राहिले. चित्रपटकार जे. बी. एच. वाडियांनी आपल्या आठवणींत त्याचा उल्लेख केला आहे. कुत्र्याचे ओरडणे ऐकू येत नव्हते हे येथे लक्षात ठेवावे. ऐकू न आलेला आवाज लोकांना आठवत राहिला, तो चित्रातून आलेला होता. त्या चौकटीतला अंधार कोणी तरी विचारपूर्वक योजला होता. दोन वर्षांपूर्वी 'सिंहगड'ची रात्र उभी करणाऱ्यानेच.

चित्रपट चालला नाही. देवादिकांचे चमत्कार आणि तलवारींचा खणखणाट पाहायला येणाऱ्या प्रेक्षकाला आपलीच झोपडी पडद्यावर नको होती, असे कारण बहुधा दिले जाते. आम्हांला ते पूर्ण पटत नाही. तिकीट काढून येणारा शहरातला प्रेक्षक कोण होता, सावकाराच्या बाजूचे त्यात किती असतील, हेही विचारायला हवे. कारण काहीही असो, परिणाम उघड होता. बाबूराव पुन्हा पोशाखी आणि पौराणिक चित्रपटांकडे वळले. १९२७ चा 'मुरलीवाला' त्या वळणावरचा. हिंदुस्थानातल्या खेड्यातले दारिद्र्य सरळ दाखविणारा चित्रपट पुन्हा ठळकपणे समोर येण्यासाठी बरीच वर्षे जावी लागली. १९५३ चा 'दो बीघा जमीन' पाहिला की जमीन गमावून शहरात आलेला तो शेतकरी पुन्हा भेटल्यासारखा वाटतो.

पुढची कथा शिष्यांची आहे, आणि ती सर्वांना ठाऊक असल्याने थोडक्यात सांगतो. १ जून १९२९ रोजी शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीताराम कुलकर्णी यांनी कोल्हापुरातच 'प्रभात'ची स्थापना केली. महाराष्ट्र फिल्म कंपनी त्यानंतर फार काळ तगली नाही. साहित्याच्या अभ्यासकाने मात्र एक धागा पकडून ठेवावा. 'सावकारी पाश'चे कथाकार नारायण हरि आपटे हेही 'प्रभात'शी जोडले गेले. १९३४ च्या 'अमृतमंथन'मागे त्यांची कथा होती, आणि १९३७ च्या 'कुंकू'मागे त्यांचीच 'न पटणारी गोष्ट'. जरठकुमारी विवाहाला नकार देणाऱ्या नीरेचे आपण आजही कौतुक करतो. साहित्यिकाची सामाजिक कथा घेऊन चित्रपट रचण्याचा तो पाठ शांतारामांनी बारा वर्षांपूर्वी, शेतकऱ्याचा अंगरखा घालून, बाबूरावांच्या हाताखाली गिरविला होता. हरिभाऊंची 'सिंहगड'ची कथाही शांतारामांनी १९३३ मध्ये पुन्हा पडद्यावर आणली, या वेळी बोलती. 'प्रभात'चा साहित्याशी असलेला संबंध सांगताना आपण सुरुवात 'प्रभात'पासून करतो. ती दहा वर्षे मागून करायला हवी.

१९३१ मध्ये चित्रपट बोलू लागला. बाबूरावांना त्याचे अप्रूप वाटले नाही. इतक्या कष्टाने घडत आलेली दृश्याची भाषा आवाजाने बिघडेल, असे त्यांचे मत होते. हे मत आज हेकट वाटेल. परंतु त्यांच्या बाजूने पाहिले तर त्यात तर्क आहे. त्यांचे सबंध लेखन शब्द वजा करून उभे राहिलेले होते. 'कीचकवधा'तून संवाद वजा केले तेव्हा 'सैरंध्री' मिळाली, हरिभाऊंचे निवेदन वजा केले तेव्हा 'सिंहगड'ची रात्र मिळाली. आता पडद्यावर नाटक मंडळीतले नट पुन्हा आपापले संवाद आणि पदे घेऊन येऊ लागले होते, म्हणजे ज्या जगाला मागे टाकून ते आले होते तेच पुढून येत होते. आरंभीचे मराठी बोलपट पाहिले म्हणजे त्यांची भीती अगदीच अनाठायी नव्हती असे वाटते.

तरीही त्यांनी बोलपट केले. कोल्हापूरच्या 'शालिनी सिनेटोन'साठी १९३५ मध्ये 'उषा', १९३७ मध्ये 'प्रतिभा'. आणि या दोहोंच्या मध्ये, १९३६ मध्ये, त्यांनी 'सावकारी पाश' पुन्हा काढला. यश 'सिंहगड'ला मिळाले होते, पदवी 'सैरंध्री'ला. पुन्हा हाती घेतला तो न चाललेला चित्रपट. या दुसऱ्या खेपेला सावकार खत मोठ्याने वाचू शकत होता आणि शेतकऱ्याला प्रश्न विचारता येत होता. विषय तोच असला तरी अकरा वर्षांपूर्वी पडद्यासमोर बसलेल्या प्रेक्षकाची जी गत होती ती आता नव्हती. त्याला शेजाऱ्याकडे वळून पाहावे लागत नव्हते. जुन्या चित्रपटाची स्मृती ज्यांच्यापाशी होती त्यांना पुढेही आठवत राहिला तो मुकाच.

त्यानंतर बाबूरावांचे चित्रपट तुरळक होत गेले. १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी'वर दिग्दर्शक म्हणून त्यांचे नाव शांतारामांच्या नावासोबत आहे. शेलारमामा झालेला तो मुलगा आता स्वतःच्या कंपनीचा धनी होता. १९५२ मध्ये 'विश्वामित्र' झाला. उरलेला वेळ ते चित्रांना आणि शिल्पांना देत. १६ जानेवारी १९५४ रोजी कोल्हापुरातच त्यांचे निधन झाले.